काटा वर जाईना

४ फेब्रुवारी
गाडीला लावायचं गेज आलं! एवढ्या मोठ्या खोक्यात एवढंसं, मनगटी घड्याळाचा थोरला भाऊ म्हणावा असं.
नवरा म्हणाला, "याने गाडी जास्त पळेल?"
नाही.
"मग?"
टर्बो इंजिनात किती जोराने हवा दाबतोय ते दिसेल.
"दिसून काय होईल?"
या माणसाशी मी स्वतःच्या मर्जीने लग्न केलं.

५ फेब्रुवारी
रविवार, दवाखाना बंद. दिवसभर लोकांच्या अक्कलदाढांशी झुंजणाऱ्या बाईला एक रबरी नळी काय जड! — हे सकाळचं मत. दुपारी मी बॉनेटखाली कमरेपर्यंत वाकलेली, आणि माझा दात बघायचा आरसा इंजिनाच्या पोटात पडलेला. अजून तिथेच आहे.

काम तसं सोपं. इंजिनात हवा जाते तिथल्या एखाद्या नळीला फाटा काढायचा आणि गेजला जोडायचा. पण बारीक नळ्या सगळ्या खोल, बोटं पोचेनात. ब्रेककडे जाणारी जाड नळी मात्र समोरच, ऐटीत पसरलेली. कापली! मध्ये टी, म्हणजे तीन तोंडांचा जोड, बसवला. आवळायच्या क्लिपा नंतर लावू म्हटलं, घट्ट तर बसलाय.

सासूबाई गाडीत बसून काट्यावर नजर ठेवून होत्या. टीव्हीपेक्षा हे बरं, म्हणाल्या.
"आई, वर गेला का?"
"नाही गं. खालीच आहे. रुसलाय."
उभ्या गाडीत टर्बो कशाला जोर करील? चालवूनच बघायला हवं.

६ फेब्रुवारी
पेशंट फार. गाडी तशीच. पाठ धरली आहे. एका आजोबांनी मलाच विचारलं, "डॉक्टर, फार दुखतंय का?"

७ फेब्रुवारी
अक्षर बघा, माझंच मला लागेना!

संध्याकाळी टेकडीच्या रस्त्याने निघाले. "तू रस्ता बघ, काटा मी सांगते," म्हणत सासूबाई शेजारी. चढाला ॲक्सिलरेटर पार दाबला. काटा ढिम्म. दोघी त्याला नावं ठेवत माथ्यावर पोचलो.

उताराला ब्रेक दाबला — दगड! पेडल खाली जाईचना. दोन्ही पाय घातले. गाडी जेमतेम मंदावली. वळणावर थांब्याला बस उभी, माणसं उतरताहेत. मी किंचाळले, "आई, ब्रेक!" — जणू त्याच लावणार होत्या.

त्यांनीच लावला. हातब्रेक. बटण दाबून धरून, हळूहळू, गाडी जराही न भरकटू देता. "गियर उतरव," म्हणाल्या. उतरवला. "अजून एक." तोही उतरवला.

बसच्या मागे वीतभर अंतरावर थांबलो.

बॉनेट उघडलं. टी निसटून लोंबत होता. क्लिपा माझ्या पर्समध्ये. चांगल्या जपून ठेवलेल्या.

घरी आलो. चहा त्यांनीच केला.

८ फेब्रुवारी
गॅरेजवाला घरी आला. बॉनेटमध्ये डोकावला आणि सरळ झाला.
"ब्रेकची नळी कापली? कुणी?"
"मिस्टरांनी."
(देवा, माफ कर. नवरा तेव्हा आत कांदा चिरत होता.)
"त्यांना म्हणावं, हिच्यात एकाच बाजूला उघडणारी झडप असते. टर्बोची हवा इथवर येतच नाही, काटा वर जाणार कसा? शिवाय टी निसटला की ब्रेकचा जोर गेलाच. माणसं मेली असती, मॅडम."
"सांगते," म्हटलं. बसमधून उतरणारी ती माणसं डोळ्यांपुढे आली.

त्याने ब्रेकची नवी नळी घातली. आरसाही काढून दिला, काही न विचारता. गेजची नळी मी त्याच्यासमोर योग्य जागी जोडली. प्रत्येक टोकाला क्लिप. ओढून पाहिली. परत ओढून पाहिली. तो म्हणाला, "आता सोडा, तुटेल."

चक्कर मारली — एकटीने, सपाट रस्त्याने. काटा टुणकन वर! दाद द्यायला शेजारी कुणी नाही.

नवऱ्याला सगळं सांगितलं. कांद्याच्या वेळचं खोटंसुद्धा. तो म्हणाला, "आई होती गाडीत." एवढंच. त्यापेक्षा ओरडला असता तर बरं.

११ फेब्रुवारी
सकाळी किल्ली नाही, गाडी नाही, सासूबाई नाहीत! आम्ही दोघं फाटकात धावलो. तेवढ्यात गाडी आली. एका दमात वळली, मागे जाऊन भिंतीलगत सरळ उभी राहिली. मला अजून जमत नाही असं. काच खाली झाली.
नवरा म्हणाला, "आई, तुला गाडी येते?"
"तू पोटात असेपर्यंत रोज चालवत होते," त्या म्हणाल्या.