‘आहे’च्या पुढचं

३ मार्च
कापेल स्टुडिओच्या एडिट रूममधला हीटर परत बंद. मिरेय, आमची एडिटर, कोट घालूनच फिल्म कापत बसलेली. बाईंचं आयुष्य यात गेलं, पॅरिसच्या टीव्हीपासून. युद्धं, हत्ती, निवडणुका, सगळं कापलंय. भाषा कळायची गरज नाही म्हणते, माणसाने श्वास घेतला की कट. मी पुण्यात एडिटर होते. इथे डच मुलखात नवऱ्यामागून आले, म्हणून तिची असिस्टंट. असो.

५ मार्च
परदेशात म्हातारं होणाऱ्यांवरची फिल्म, तिचा शेवट आज जोडून झाला. शेवटी उइटहॉर्न गावातल्या सुमनकाकू. शूटिंगला प्रश्न मीच विचारले होते. काकू म्हणाल्या, “मी इथं सुखात आहे...” थांबल्या, खिडकीबाहेर पाहिलं, मग, “...असं काही मी म्हणणार नाही.” मिरेयने नेमकं ‘आहे’वर कापलंय! पुढे नुसता कालवा आणि बदकं.
म्हटलं, बाई गं, आमचा ‘नाही’ सगळ्यात शेवटी येतो. ती म्हणाली, “आमचा फ्रेंचमध्ये क्रियापदाच्या दोन्ही बाजूंना असतो. निसटत नाही.” आणि हसली. मला वाटलं, आता बदलेल.

६ मार्च
नाही बदललं. डायरेक्टरला दाखवलं. डच माणूस, तोंडावर खरं बोलण्याचा केवढा अभिमान. चूक सांगितली तर म्हणे, “पण हा शेवट किती उबदार आहे!” चॅनेलला उबदारच हवंय. मी मिरेयकडे पाहिलं. “उरलेलं चेहरा सांगतोय,” म्हणाली आणि सिगरेट ओढायला खाली गेली. चेहराच सांगणार होता तर काकूंना बोलायला कशाला लावलं? एवढी मोठी बाई, आणि ‘चुकलं’ म्हणायला जीभ रेटेना.

१० मार्च
मिरेयची ही शेवटची फिल्म. डायरेक्टरने बोलावून सांगितलं, पुढच्या फिल्मची एडिटर तू. आणि हो, काकूंच्या वाक्याचं सबटायटल तेवढं लिहून टाक, ‘मी इथे सुखात आहे’. कॉफी स्वतः आणून दिली. लाच म्हणावी तर पुरावा नाही. संताप याचा येतो की घरी येताना सायकलवर मी गुणगुणत होते.

११ मार्च
मिरेय गेली. जाताना स्वतःची खुर्ची माझ्या टेबलाशी ढकलून ठेवली. “पूर्ण वाक्य प्रोजेक्टमध्ये आहे. मी पुसलेलं नाही.” म्हणजे आता जे काय करायचं ते मी. स्वतः मोकळी.

१२ मार्च
काकूंचा फोन. स्क्रीनिंगला मुलगा येतोय.
“त्याला मराठी कळतं गं, पण वाचेल तो खालचंच. त्याच्या तोंडावर कधी बोलवलं नाही, ते तुमच्या कॅमेऱ्यापुढं बोलून टाकलं बघ. आता तरी कळेल त्याला.”
“हो काकू.”
दुसरं काय म्हणणार होते?
सबटायटल उद्या सकाळी पाठवायचंय. मिरेयच्या खुर्चीत बसलेय. खालची ओळ अजून रिकामी आहे.