देवळाला लागून असलेली पुढची खोली

मी, प्रेमला दशरथ ओव्हाळ, वय सहासष्ट, टेलिफोन खात्यातील निवृत्त ऑपरेटर, राहणार विश्रांतवाडी, पुणे, आज पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दडपणाशिवाय आणि चहा पिऊन झाल्यावर हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. यापूर्वी असे काही लिहिलेले नाही. डॉक्टरांच्या मते प्रकृती ठणठणीत आहे. म्हणूनच आज लिहिते. आजारपणात अक्षर बिघडते.

कलम १. मागच्या दोन खोल्या, बँकेतील ठेव व बुद्धमूर्ती माझी एकुलती मुलगी आम्रपाली हिला मिळावी. हिंजवडीच्या कंपनीत ती दिवसभर काय करते, हे तिने मला चारदा समजावले आहे. मला कळले नाही, तरी ठेव तिलाच.

कलम २. माझे पती कालकथित दशरथ यांचे पाने, पकडी व हातोडी देवळाची झाडलोट करणाऱ्या बायडाबाईंना द्यावी. गल्लीतले नळ त्याच दुरुस्त करतात आणि दर वेळी पक्कड माझीच नेतात.

कलम ३. पुढची खोली. हिच्याविषयी सविस्तर लिहिणे भाग आहे.

दशरथ गेल्यावर १९९२ साली मी स्वेच्छानिवृत्ती घेऊन या खोलीत एसटीडी बूथ काढला. खोलीची भिंत दत्तमंदिराला लागून आहे. सोलापूरच्या भावाला फोन करायला हमीद शिंपी येत, कुवेतच्या मुलीशी बोलायला फिलोमिना सिस्टर येत. रांग देवळाच्या पायऱ्यांवर बसे. मंदिराचे विश्वस्त गोपाळकृष्ण टेंबे यांनी पाटी लावली : 'पायऱ्या दर्शनासाठी आहेत. फोनवाल्यांनी उभे राहावे.' मी शेजारी माझी लावली : 'देव सोडून सर्वांना फोन लागेल.' सात वर्षे आम्ही एकमेकांशी बोललो नाही.

१९९९ साली टेंबेंचा मुलगा आमोद अमेरिकेत होता. सून हेमाही तिथेच बाळंतपणासाठी दवाखान्यात होती आणि तिची तब्येत नाजूक होती. त्यातच रस्ता खोदताना तार तुटून टेंबेंचा फोन बंद पडला. ते रोज पार धानोरीपर्यंत चालत जाऊन फोन करीत, पण माझ्या बूथवर येत नसत.

एके सकाळी बूथवर आमोदचाच फोन आला. आम्रपालीच्या वर्गातला तो. नंबर त्याला पाठ होता.

"काकू, बाबांना बोलावता? लवकर."

देवळात आरती चालली होती. माझ्या आईला गावच्या देवळाच्या पायरीवरून हाकलले होते. तेव्हापासून कुठल्याच देवळाची पायरी चढायची नाही, हे मी ठरवून पाळले होते. त्या सकाळी चपला काढल्या आणि चढले. देवासाठी नाही, त्या मुलाच्या आवाजासाठी.

"अहो टेंबे, आमोद लाइनवर आहे!"

कोणीतरी म्हणाले, "आरती संपू द्या."

टेंबेंनी तबक बायडाबाईंच्या हाती दिले. "देव इथेच आहे. लाइन कट होईल."

नात झाली होती. मायलेकी सुखरूप होत्या. टेंबे माझ्या स्टुलावर बसून लहान मुलासारखे रडले आणि मीही. मग म्हणाले, "प्रेमलाबाई, पाटी आजच काढतो."

"राहू द्या. लोक वाचून हसतात."

"नाही. चुकलंच माझं."

पाटी त्यांनी स्वतः उतरवली. मीही माझी उतरवली. तेव्हापासून सकाळचा चहा आम्ही बूथमध्येच घेतो.

पुढे घरोघरी मोबाइल आले आणि बूथ ओस पडला. मंदिराच्या नव्या मंडळींनी सभामंडप वाढवायला खोली मागितली. टेंबे स्वतः विश्वस्त असून मला म्हणाले, "देऊ नका. मंडप वाढला की फक्त स्पीकर वाढतो."

म्हणून ही खोली गल्लीतल्या सर्व मुलींना अभ्यासासाठी द्यावी. आम्रपालीने दोन संगणक बसवावेत. जात, धर्म, आडनाव विचारू नये. उष्टे कप मात्र ज्याचे त्याने विसळावेत. देखरेख आम्रपाली व टेंबे यांनी करावी. दोघांनी खुशाल भांडावे, खोलीला कुलूप लावू नये. खोली विकण्याचा हक्क कोणासही नाही.

कलम ४. माझे अंत्यविधी बौद्ध पद्धतीने करावेत. भाषणे दोनच, तीही छोटी.

कलम ५. हे मृत्युपत्र अमलात आणण्याची घाई कोणी करू नये. येत्या रविवारी आम्रपालीचे लग्न आहे. वरातीत सर्वांत पुढे मी नाचणार आहे.

हे सर्व मी वाचून, समजून, खाली नावे असलेल्या दोघांसमक्ष सही केली आहे.

सही : प्रेमला दशरथ ओव्हाळ

साक्षीदार :
१. हमीद करीम शेख, शिंपी (लग्नाचा ब्लाउज शनिवारी देतो म्हणाले आहेत)
२. फिलोमिना साळवे, निवृत्त परिचारिका

स्थळ : विश्रांतवाडी, पुणे
दिनांक : १४ नोव्हेंबर २००६