माठ सुधारण्यासाठी सांगितलेली बातमी

कुवेंपुनगर, म्हैसूर
सोमवार

चि. गंगाधर यास कमलाक्षीअक्काचे अनेक आशीर्वाद.

पुनीतची कर्नाटकाच्या फुटबॉल संघात निवड झाल्याची जी बातमी तुला शुक्रवारी संध्याकाळी मिळाली, ती खोटी आहे. म्हणून हे पत्र लिहावे लागत आहे. एवढे वाचून पाणी पी आणि मग पुढचे वाच. मला लगेच फोन करू नकोस. फोनवर तू ओरडतोस, तुझा आवाज आमच्या हॉलभर ऐकू येतो, आणि तुझ्या मुलाला या बातमीतले अक्षरही माहीत नाही. ते तसेच राहायला हवे. का, ते पुढे येईल.

तुझा गुडघा कसा आहे? सरोजाचा खोकला गेला का? आम्ही इथे ठीक आहोत असे लिहायची पद्धत आहे, पण मी खोटे लिहीत नाही. माझे दोन्ही हात कोपरापर्यंत निळे आहेत, न्हाणीघराच्या फरशा निळ्या आहेत, आणि तुझे भावजी परवापासून माझ्या समोरून जाताना भिंतीला धरून जातात.

विद्यापीठाच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेत पुनीतचे कॉलेज अंतिम सामन्याला पोहोचले, हे मात्र खरे. (या पत्रात चांगली बातमी एवढीच होती, ती आताच खर्च झाली.) तुझी अट माझ्या लक्षात होती. जूनमध्ये मुलाला माझ्याकडे सोडताना जिन्यात उभा राहून तू म्हणाला होतास, अजिंक्यपद मिळाले तर खेळ, नाहीतर शिमोग्याला परत ये, सकाळी तिथल्या कॉलेजात जा आणि दुपारी दुकानाच्या गादीवर बस. मी तेव्हा मान हलवली होती. मुलांना अट असावी या मताची मी आहे. शाळेत तीस वर्षे शिकवून दुसरे मत राहत नाही.

अडचण अशी झाली की अंतिम सामन्यात समोर आलेल्या मंड्याच्या कॉलेजची जर्सी पांढरी, आणि आपलीही पांढरी. दोन्ही संघ एका रंगात खेळू शकत नाहीत, एकाने बदलायचे, आणि चिठ्ठी आपल्या विरुद्ध निघाली. आपल्या कॉलेजकडे लाल जर्सींचा दुसरा संच आहे. तो कपाटात आहे. कपाटाची किल्ली क्रीडाविभागाच्या प्रमुखांच्या खिशात आहे, आणि प्रमुख सहकुटुंब तलकाडला वाळूतली देवळे बघायला गेलेले, तिथे त्यांचा फोन लागेना. नवीन जर्सी घेऊन त्यावर आकडे छापायला बाजारात कोणी एका दिवसात तयार होईना. शुक्रवारी सकाळी पुनीतच्या संघाचे प्रशिक्षक शिवप्रसाद सर पांढऱ्या जर्सींचे गाठोडे मांडीवर घेऊन आमच्या सोफ्यावर बसले होते. दहावीच्या निकालाला नापास मुलाचा बाप बसतो, तसे.

तेव्हा तुझे भावजी उठले आणि म्हणाले, "रंगाऱ्याच्या घरात बसून रंगासाठी रडता काय सार?"

तू त्यांना ओळखतोस. श्रीनिवासरावांचे पणजोबा रंगारी होते, आजोबा रंगारी होते, वडिलांनी छपाईचे ठसे विकून हॉटेल काढले, आणि स्वतः यांनी विमा कंपनीत नोकरी करताना स्वतःचे केस सोडून काही रंगवलेले मी पाहिलेले नाही. (तेही कॉलरसकट रंगत.) मी त्यांना शांतपणे सांगितले की हे कापड सुती नाही, पॉलिस्टर आहे, त्याला बाजारातली निळी पूड धरत नाही, त्याचा रंग वेगळा आणि तो उकळावा लागतो. मी रसायनशास्त्र घेऊन बी.एस्सी. झाले आहे, हे या घरात फक्त गॅस सिलिंडर बदलताना आठवते. यांनी उत्तर दिले की पणजोबा बी.एस्सी. नव्हते. मग आईने मला दिलेला तांब्याचा हंडा गच्चीवर गेला, त्याला हळदकुंकू लागले, नारळ फुटला, आणि सगळ्या जर्सी आत गेल्या.

दुपारी बाहेर आल्या तेव्हा त्यांचा रंग उन्हात विसरलेल्या शाईच्या डागासारखा होता. शिवप्रसाद सरांनी एक जर्सी उजेडात धरली, दुसरी सावलीत धरली, आणि खाली बसले. तुझे भावजी मात्र खचले नाहीत. म्हणाले, "माठ बिघडलाय. उपाय करावा लागेल."

आता तुला आठवेल. आठवायलाच हवे, तू रंगाऱ्याचा मुलगा आहेस. निळीचा माठ बिघडला, रंग धरेनासा झाला, की घरधन्याने बाहेरच्या माणसाला एक खणखणीत थाप सांगायची. ती जितकी लांब जाईल तितका माठ सुधारतो. आपल्या आजोबांनी दसऱ्याच्या हत्तिणीला दोन डोक्यांचे पिल्लू झाल्याचे सांगितले होते, आणि त्या खेपेची लुगडी काय उतरली होती म्हणून बाबा मरेपर्यंत सांगत. त्यात कोणाचे काही बिघडत नसे, कारण ऐकणाराही रंगारीच. तो हसायचा आणि म्हणायचा, कोणाचा तरी माठ बिघडलेला दिसतो. आता आपल्यात कोणी बँकेत आहे, कोणी संगणकावर, कोणी तुझ्यासारखा तयार कपडे विकतो. थाप सांगायची रीत एका श्रीनिवासरावांना आठवली, ती ऐकायची रीत सगळे विसरलेले. एवढाच काय तो अपघात.

थाप निवडायला त्यांनी बराच वेळ घेतला. गोष्ट मुळीच शक्य नसलेली हवी असते. शेवटी पलीकडच्या क्रॉसरस्त्यावरच्या गंगाबाईंना, म्हणजे त्यांच्या चुलत बहिणीला, फोन करून त्यांनी सांगितले की आमच्या पुनीतची राज्याच्या संघात निवड झाली. दोन डोक्यांचा हत्ती आणि आपल्या घरातल्या मुलाची निवड या दोन गोष्टी या माणसाने एकाच खणात ठेवल्या, याचा मला हंड्यापेक्षाही जास्त राग आहे. गंगाबाई "अय्यो देवा!" म्हणाल्या आणि त्यांनी फोन ठेवला, तो पुढचा लावण्यासाठी. दिवेलागणीला बातमी शिमोग्यात होती. तू पेढे वाटलेस, समाजाच्या अध्यक्षांनी विठ्ठलाच्या देवळात सत्काराची शाल ठरवली, हे मला काल शिमोग्याहून आलेल्या आपल्या समाजाच्या दत्तोजीरावांकडून कळले. इकडे दुसऱ्यांदा बुडवलेल्या जर्सींना गडद निळा रंग चढला. (उरलेल्या सगळ्या पुड्या एकदम ओतल्यावर चढणारच. पण मला कोण विचारतो.)

त्याच संध्याकाळी तू पुनीतला फोन केलास. तो नुकताच सरावाहून आला होता. तू फक्त, "दुकानाचं मी बघतो, तू खेळ," एवढेच म्हणालास, तुझा गळा भरून आला आणि तू फोन ठेवलास. गंगाधर, तुझ्या मुलाला वाटते की बाबांनी हे आपण होऊन म्हटले. निवडीचे त्याला कोणी सांगितलेले नाही. तो फोन हातात धरून स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला आणि मला म्हणाला, "आत्या, बाबा कधी असं बोलत नाहीत गं." मी त्याला हातपाय धुऊन जेवायला बसायला सांगितले. दुसरे काय सांगणार होते?

शनिवारी मी सामन्याला गेले. फुटबॉल मला आवडत नाही. मी छत्री आणि विणकाम घेऊन गेले होते. पहिल्या अर्ध्यात दोन्हीकडे शून्य. पुनीत बचावाला असतो, त्याचा आकडा चार. मंड्याचा कप्तान आडदांड मुलगा, त्याला पुढे जाऊ द्यायचे नाही हे पुनीतचे काम, आणि ते काम त्याने केले. तो मुलगा जिकडे वळे तिकडे पुनीत. पण ऊन होते, मुले घामाघूम झाली, आणि जर्सी सुटू लागली. आधी आपल्या मुलांचे गुडघे निळे झाले, मग चेंडू, मग पंचांची शिट्टी, आणि तिच्यामागून पंचांचा ओठ. फुटबॉलमध्ये मुले एकमेकांना फार घासतात. पाऊण सामन्यापर्यंत आपली मुले फिकी पडली होती आणि मंड्याची निळी झाली होती, आणि सगळ्यांत निळा तो कप्तान, कारण पुनीतने त्याला क्षणभरही सोडले नव्हते. माझ्या शेजारी तुझे भावजी पुटपुटत होते, "रंग काय धरलाय!" मी विणकामाची सुई त्यांच्याकडे रोखली.

शेवटची काही मिनिटे उरली असताना पुनीतने आपल्या गोलसमोर दोघांच्या पायांतून चेंडू काढला. फार सुंदर काढला. मी उभी राहिले. (छत्री एका प्राध्यापकांना लागली, त्यांची माफी मागून झाली आहे.) त्याने मान वर केली, समोर निळा रंग दिसला, आणि चेंडू त्याच्याकडे दिला. तो मंड्याचा कप्तान होता. त्यानेही एकदा खाली आपल्या जर्सीकडे पाहिले, आणि मग गोल केला.

आपण हरलो. पुनीत मैदानात तिथेच बसून राहिला. मी गेले तेव्हा वर न बघता म्हणाला, "आत्या, तो निळा होता गं." निळा होता. आमच्याच हंड्यातला होता. इतक्यात तो कप्तान आला, पुनीतचा हात धरून त्याला उठवले आणि कन्नडमध्ये म्हणाला की या स्पर्धेत मला चेंडूपर्यंत पोचू न देणारा तू एकटाच, गोल तू दिलास, मी घेतला नाही. मला फुटबॉल कळत नाही, पण काम कळते. पुनीतने अजिंक्यपद गमावले त्यात त्याचे काम कमी पडले नाही. आपल्या घराण्याचे जास्त झाले.

तेव्हापासून तो नीट जेवत नाही. वरच्या खोलीत पेटी भरून ठेवली आहे. अट त्याला पाठ आहे, तू शुक्रवारी जे म्हणालास ते सामन्यापुरते होते असे तो धरून चालला आहे. मला पुढे काही दिसत नाही. यांनी रंगवले ते पांढरे झाले आणि न रंगवायचे ते निळे, आता हे घर कोणी कसे निस्तरायचे, सांग.

सरोजाला आशीर्वाद.

तुझी अक्का,
कमलाक्षी

ता. क. १ : पेढे परत मागता येत नाहीत आणि बोललेला शब्दही नाही. तू "खेळ" म्हणालास ते मुलाला म्हणालास, बातमीला नव्हे. पुनीतला फोन कर आणि तेच वाक्य पुन्हा म्हण. का म्हटलेस ते सांगू नकोस. गळा भरून आला नाही तरी चालेल.

ता. क. २ : सत्कार रद्द करू नकोस, पुढे ढकल. अध्यक्षांना खरे सांगायची घाई नको. माठासाठी सांगितलेली थाप कापड वाळेपर्यंत मागे घ्यायची नसते, नाहीतर रंग जातो, असे बाबा म्हणत. माझा यावर विश्वास नाही. पण घराण्याची रीत मोडणारी मी कोण?

ता. क. ३ : तुझ्या भावजींना यातले काही बोलू नकोस. ते आधीच भिंतीला धरून चालतात.

शिमोग्याच्या गाडीने निघालेल्या दत्तोजीरावांच्या हाती दिले: मैसूरपाकाचा डबा एक, सरोजासाठी काढ्याची बाटली एक, पुनीतची जर्सी, आकडा चार, प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून, एक. जर्सी ओली आहे. काल वाळली होती, आज सकाळी मी पुन्हा भिजवली. तूही वाळत घालू नकोस.