सव्विसावं पाकीट

४ फेब्रुवारी, मंगळवार
आज सकाळी मंडळींची गाडी यायच्या तासभर आधी कार्यशाळा उघडली, देवाला हात जोडले आणि कालचे गठ्ठे सोडायला बसलो. आमची मंडळी, संस्थेतली ही मोठ्या वयाची गतिमंद माणसं, औषधांच्या दुकानांसाठी कागदी पाकिटं करतात. पंचविसांचा एक गठ्ठा, वरून घट्ट सुतळी. वाकडं चिकटलेलं पाकीट मी सोडवतो, पुन्हा चिकटवतो, कमी असेल तर भर घालतो, जास्त असेल तर काढतो आणि गठ्ठा होता तसा बांधून ठेवतो. अठरा जण दिवसभर करतात ते मी एकटा सकाळी निस्तरतो. अकरा वर्षं झाली. त्यांना कळू द्यायचं नाही, वाईट वाटतं — असं मला रुजू झालो तेव्हाच सांगितलं होतं.

गवयाचे सगळेच गठ्ठे सोडावे लागले. चाळिशीचा माणूस, गाताना हात सुटतो त्याचा. मुकादमचं एकही पाकीट वाकडं नाही. पण मोजणी कच्ची ती कच्चीच. प्रत्येक गठ्ठ्यात सव्वीस! छत्तीस वर्षांची बाई, सहा वर्षं इथं आहे, सगळ्यांवर देखरेख करते म्हणून हे नाव पडलं, आणि पंचवीसला थांबता येत नाही. एकेक काढून टोपलीत टाकलं.

दुकानदाराचा परत फोन. दर गठ्ठ्यात एक पाकीट फाटकं निघतं म्हणे. सुतळी काचते, मी काय करू?

५ फेब्रुवारी
संस्थेच्या बाई एका पाहुण्याला घेऊन आल्या. हॉस्पिटलच्या लाँड्रीचा सुपरवायझर. चादरींच्या घड्या घालून मोजून ठेवायला त्याला कायमचं माणूस हवंय. त्याने गंमत म्हणून एक पाकीट चिकटवलं. मुकादमने ते उलटसुलट पाहिलं आणि त्याच्यापुढे परत ठेवलं. "चूक. परत."

तो खो-खो हसला. "हीच द्या मला. तिथं मला असं सांगणारं कोणी नाही."

बाई म्हणाल्या, "पुढच्या गुरुवारपर्यंत, तेरा तारखेपर्यंत, तिचा तयारीचा फॉर्म द्या. शेरा तुमचाच लागतो, सर."

मी म्हटलं, मोजणी कच्ची आहे.

चीड आली. जो येतो त्याला तयार माणूस हवा. खळ कशी शिजते, गवयाचा हात कोण धरतो, ऑर्डर वेळेवर कशी जाते, हे कोणी विचारत नाही. ती गेली तर रोजचे साठ गठ्ठे कोण करणार? मीच.

७ फेब्रुवारी, शुक्रवार
तिचा भाऊ आला होता. धाकटा आहे, पण आई-वडील गेल्यापासून तोच बघतो तिचं. दारातच उभा राहिला.

"सर, तिनं परवापासून पिशवी भरून ठेवलीय. डबा, फडकं, कंगवा. रोज विचारते, चादर कधी?"

"घाई नको. ती अजून तयार नाही."

"सहा वर्षं तुम्ही हेच लिहिताय. मग तयार करायला नक्की काय शिकवलंत?"

"मोजायला."

"कसं?"

मी म्हटलं, गाडीची वेळ झाली. गाडीला वीस मिनिटं होती.

८ फेब्रुवारी
डोकं उठलंय. भाजी चिरत होतो तर बायको म्हणाली, "अहो, चिरताय की सूड उगवताय?"

१० फेब्रुवारी, सोमवार
सायकल पंक्चर. पोचलो तर गाडी माझ्याआधी आलेली, सगळे आपापल्या जागी, आणि शनिवारचे गठ्ठे तसेच. घाईघाईने तिच्याच समोर तिचा गठ्ठा सोडला आणि वरचं पाकीट काढलं.

तिनं माझं मनगट धरलं. "चूक."

"पंचवीस हवीत गं."

तिनं ते पाकीट माझ्या हातातून घेतलं आणि त्याची कड दाखवली. सुतळीनं कापली होती. "फाटलं," म्हणाली. टोपलीत टाकलं. मग उरलेली एकेक करून मोठ्यानं मोजली. अडखळत, बोट ओलं करत. पंचवीस. पंचविसाव्यावर टिचकी मारली.

म्हणजे ती वरचं एक सुतळीसाठी घालत होती. आतली पंचवीस शाबूत राहावीत म्हणून. मी रोज सकाळी ते काढायचो, गठ्ठा पुन्हा बांधायचो आणि पुढचं पाकीट सुतळीखाली द्यायचो.

मी विचारलं, "सांगितलं का नाहीस?"

तिनं माझ्या खुर्चीजवळच्या टोपलीकडे बोट केलं. "सर काढतात. रोज."

एवढंच. मग खळ ढवळायला गेली. तिला माहीत होतं. सहा वर्षं ती रोज एक घालत होती आणि मी रोज एक काढत होतो.

११ फेब्रुवारी
तिचे दरवर्षीचे जुने फॉर्म काढून पाहिले. सहा. अक्षर माझं, वाक्य तेच: 'मोजणी कच्ची, अजून तयार नाही.' एकदाही तिला समोर बसवून मोजायला लावलं नव्हतं.

गावच्या शाळेत तपासनीस यायचे तेव्हा गुरुजी आमच्या पाट्यांवरच्या बेरजा स्वतः नीट करून ठेवत. माझी पाटी बरोबर निघाली म्हणून मला शाबासकी मिळाली होती. घरी येऊन ती पाटी मी पुसून टाकली. हे मी विसरलोच कसा?

आणखी एक लिहायचंय, इथं तरी. दोन वर्षांपूर्वी तिला बेकरीत घ्यायला एक जण आला होता. ती गेली तर ऑर्डर कोण पुरी करणार, याचाच हिशेब मी आधी केला होता. तेव्हा कच्ची मोजणी मला बरी सापडली. आताही भावावर चिडलो, बाईंवर चिडलो, सुपरवायझरवर चिडलो. ऑर्डर मात्र दरवेळी तिच्या हातांवर पुरी केली आणि शाबासकी मी घेतली.

१२ फेब्रुवारी
देवापुढे बसलो. काही मागायला तोंड नव्हतं. ती आज तीनदा म्हणाली, "सर, चादर?"

१३ फेब्रुवारी, गुरुवार
सकाळी एकही गठ्ठा सोडला नाही. फॉर्मवर लिहिलं: 'तयार आहे. मागची सहा वर्षंही तयार होती. माझे आधीचे शेरे न तपासता लिहिलेले आहेत. बाकी सतरा जणांचे फॉर्मही माझ्याकडून परत घ्यावेत आणि दुसऱ्या कोणाकडून तपासून घ्यावेत.' खाली सही केली आणि बाईंच्या हातात देऊन आलो.