दाट रेषांची नदी

३ मे
जेवताना ही म्हणाली, एकदा तुमच्याबरोबर नदीत बोटीत बसायचंय, पुढच्या वर्षी माझे गुडघे मला विचारणार नाहीत. लगेच होकार दिला. डोंगरातली नदी, रबरी बोट, कॅप्टन मी. पोहता येत नाही ही बाब किरकोळ. उद्यापासून शिकायचं.

४ मे
स्विमिंग टँकवर गेलो. पाणी फार गार. पहिला दिवस निरीक्षणाचा ठेवला. बाकावर बसून पुष्कळ शिकलो.

५ मे, सकाळ
बाथरूममध्ये बादलीत तोंड घालून श्वास रोखण्याची प्रॅक्टिस. सूनबाईने दार वाजवून विचारलं, बाबा, आत कोणाशी बोलताय? बुडबुडे बाहेर ऐकू जातात, लक्षात ठेवणे.

८ मे
टँकवर जाणं बंद केलं. साचलेल्या पाण्याने सवय बिघडते. त्यापेक्षा अभ्यास. नदीचा मोठा नकाशा जेवणाच्या टेबलावर पसरला. घरचे ताटं मांडीवर घेऊन जेवले, कुरकुरले. नकाशात तपकिरी रेषा आहेत, कुठे विरळ, कुठे अगदी खेटून. डोकं लावलं आणि उलगडलं. रेषा दाट तिथे पाणी दाट, म्हणजे खोल आणि संथ. बदकाला डुलकी लागावी असं. सूनबाई म्हणाली, बाबा, कोणाला तरी विचारून घ्या. आपलं आपण शिकलेल्या माणसाला घरात किंमत नसते.

११ मे
राफ्टिंगवाल्याला फोन. सगळ्यात दाट रेषांचा टप्पा मागितला. त्याने टप्पा माझ्याकडून दोनदा वदवून घेतला. मग म्हणाला, काका, नक्की ना? माझ्या आवाजातला अनुभव त्याला जाणवला असावा.
हिने पाण्यात चालतील अशा चपला आणल्यात. घरभर त्याच घालून फिरते.

१५ मे, नदीकाठ
आधी आवाज आला, मग नदी दिसली. राफ्टिंगवाल्याने काठीने वाळूत रेघोट्या ओढून सांगितलं, रेषा दाट म्हणजे उतार खडा. इथे नदी चालत नाही काका, उड्या मारते. हे त्याचं मत.
लाइफ जॅकेटचे पट्टे आवळले आणि नेमकी माझी पाठ धरली. शिवाय सामानाजवळ कोणीतरी हवंच. ही म्हणाली, येताय ना? म्हटलं, तू हो पुढे, मी पुलावरून लक्ष ठेवतो. तिने चष्मा काढून माझ्या हातात दिला आणि सोबत आलेल्या सूनबाईला घेऊन बोटीत चढली. स्वतः सगळ्यात पुढे.
बोट पुलाखालून गेली तेव्हा ही ओरडत होती. भ्यायली असेल म्हणून मीही ओरडलो, हात हलवले. ती हसत होती.

१५ मे, संध्याकाळ
खाली नदी सपाटीला येते. रेषा विरळ, पाणी घोट्याएवढं. रिकामी बोट काठाला बांधलेली होती. ही, केस अजून ओलेच, पुन्हा आत जाऊन बसली आणि शेजारची जागा थोपटली. बसलो.
तिने चष्मा मागितला. तो दाट रेषांच्या भागात आहे. हात हलवताना गेला.
मग हात तरी धरा, म्हणाली, मला काही दिसत नाहीये. धरला. बोट जरा हलली तेव्हा दोन्ही हातांनी धरला. ती म्हणाली, अहो, सैल सोडा, आपण जमिनीला टेकलोय.
उद्यापासून पोहायला शिकायचं. बादली मोठी आणावी.