रणगाड्यांची गेम टाकली आहे

बाबा,

तुम्ही झोपला होतात म्हणून उठवलं नाही. सांवेर रोडला फॅक्टरीत आज लवकर बोलावलंय. पोहे झाकून ठेवलेत, शेव वरून टाकून घ्या.

टीव्हीला तो छोटा गेमचा डबा जोडून ठेवला आहे. त्यातल्या गेम्स तुम्हाला बेकार वाटल्या, म्हणून लॅपटॉपला केबल लावून तुमची जुनी रणगाड्यांची गेम त्यात टाकली. आधी डबा सुरूच होईना, वाटलं, जाऊ दे यार. मग एकदाची गेम चालली. लिस्टमध्ये सगळ्यात खाली आहे.

फिजिओच्या मॅडमना तुम्ही परवा "आता येऊ नका" म्हणालात. ठीक आहे. पण लकव्याच्या हाताची बोटं रोज हलली पाहिजेत, म्हणून गेमची बटणं त्या उजव्या अंगठ्यानेच दाबा.

काल शर्टाची बटणं लावताना तुम्ही माझा हात झटकलात आणि मी ओरडले. सॉरी बाबा. खूप थकले होते, बस. बटणं मी रोज लावीन, पण तुमच्या मनाला ते किती लागतं, हे मला दिसतं.

संध्याकाळी दोघं खेळू. लहानपणी मला जिंकवायला मुद्दाम हरायचात, तसं आता करू नका.

मिताली