अर्ध्या डोक्याचा खिळा

प्रिय गोकुळ,

जय भीम. हे पत्र तुझ्याआधी हर्सूल जेलचे साहेब लोक उघडून वाचतील. वाचू दे, मला लपवायचं काहीच नाय. आई बरी आहे असं लिहिणार होते, पण ती बरी नाय. परवाच्या तारखेला तू गुन्हा कबूल करणार, हे वकिलानं सांगितल्यापासून तिनं भरलं ताट लोटून दिलंय. मलाही तुझ्या दोन मुस्काटात ठेवून द्याव्या वाटतात, मग रडू येतं.

राजकुमारसाठी मात्र मी टिपूस गाळणार नाय. वाळूजच्या त्या लाकडी पेट्यांच्या शेडमध्ये तो मुकादम म्हणून आला आणि त्यानं आपलं जगणं हराम केलं. काम झपाट्यानं व्हावं म्हणून हवेवर चालणाऱ्या खिळ्यांच्या सगळ्या गनच्या तोंडाचा खटका त्यानंच तारेनं बांधून घेतला. मग लाकडावर दाबायची गरजच नाय, बोट लागलं की खिळा सुटला. आपल्यासोबतच्या फकिराच्या तळहातातून खिळा आरपार गेला, तर राजकुमारनं त्यालाच लाथ घातली. त्या दिवशी जेवून यायला मला जरा उशीर झाला म्हणून माझे केस धरून फरफटत नेलं. तू फळी घेऊन धावत आलास आणि त्याच्या कानशिलावर हाणलीस. रक्त उडालं ते माझ्या ओढणीवर अजून आहे, घासून घासून जाईना. तेव्हा मला लई बरं वाटलं. हे मी कोर्टातही सांगीन.

तो धडपडत पेट्यांच्या थप्पीमागं गेला. मी माझी गन उचलली. आईशप्पथ सांगते, मला त्याचा जीवच घ्यायचा होता. तेवढ्यात खट्ट झालं आणि थप्पीमागून असा आवाज आला की मला अजून झोपेत ऐकू येतो. खिळा गालातून जबड्याच्या हाडात. तोंडातून रक्ताची धार. तू माझ्याकडं बघितलंस, बघतच राहिलास. मग सगळ्यांसमोर म्हणालास, "मी मारला." तुझी गन तुझ्या पायाशीच पडली होती, म्हणून मी ते खरं धरलं. इतके दिवस तुला मनातल्या मनात शिव्या घातल्या, की फळीवर थांबला असतास तर काय बिघडलं असतं.

काल मी घाटी दवाखान्यात गेले होते. राजकुमारच्या आईच्या, गोजरबाईच्या पाया पडावं, केस मागं घ्या म्हणावं, एवढंच डोक्यात होतं. त्याचा जबडा तारांनी बांधलाय, बोलता येत नाय. पोलीस विचारतात तेव्हा तुझं नाव ऐकून नुसती हो म्हणून मान हलवतो. म्हातारीनं मला वॉर्डाबाहेरच चपलेनं मारलं. ओठ फुटला. मग एक्सरे तोंडासमोर धरला आणि म्हणाली, "बघ तुझ्या भावाचा खिळा." मी बघितला. गोकुळ, त्या खिळ्याचं डोकं एकाच बाजूला होतं. दुसरी बाजू साफ कापलेली.

तुझ्या-माझ्या गनमध्ये रोलचे खिळे जातात, तारेत ओवलेले, पूर्ण गोल डोक्याचे. अर्ध्या डोक्याचे फक्त पट्टीत चिकटवलेले येतात, आणि पट्टीची गन शेडमध्ये एकच होती, त्याची. त्यानं त्या आठवड्यात स्वस्तातल्या पट्ट्या आणल्या होत्या. त्यांचा तिरपेपणा त्याच्या गनला बसत नव्हता. आपण सांगितलं तर डबा फेकून मारला त्यानं. खिळा अडकला की हवेचा पाइप न काढता गन उलटी करून तोंडात डोकवायचा, आठवतं का? त्याची गन थप्पीमागंच असायची, त्या दिवशी तो ती तुझ्यावर रोखायलाच तिकडं गेला होता. खिळा अडकला. त्यानं डोकावून बघितलं आणि त्याचंच बोट ट्रिगरला लागलं.

एक्सरे आणि गन मागवायला वकिलाला सांगितलंय, तो कामाला लागलाय. पण तू कबूल केलंस तर सगळं वाया. म्हणून हे पत्र. रात्रभर विचार करत होते की तू मारलंच नाय, तर मग मारला असं म्हणालास का. पहाटे तुझी ती नजर आठवली. तू माझ्या हातातली गन बघत होतास. अरे वेड्या, मी ट्रिगर ओढलाच नव्हता. परवा जजसाहेबांना खरं सांग आणि घरी ये.

तुझीच,
सरिताताई